कच्चा लिंबू, लेव्हल एक

को-ऑप, म्हणजे एकमेकांच्या साथीने खेळायचा, गेम चौघांनी एकदम सुरू करायचा असतो, हे फक्त ट्रेलरमध्ये. तिथे चौघं धुळीच्या लोटातून खांद्याला खांदा लावून चालत येतात आणि चौघांची चिलखतं सारखीच चकाकत असतात. प्रत्यक्षात दोघं आधी गेम घेतात, रात्री जागवतात आणि मग कधीतरी ग्रुपवर एक स्क्रीनशॉट येऊन पडतो. टेकडीवर लाकडी वाडा, मागे समुद्र, दारात कुऱ्हाडी टेकवून उभे असलेले आपलेच दोन नग. खाली एवढंच, "येतोयस का?" आपण विचार करेपर्यंत तिसऱ्याने गेम घेतलेला असतो. आपण चौथे. मला विचाराल तर पीसीवर मित्रांबरोबर खेळण्यातली खरी गंमत या चौथ्याच्याच वाट्याला येते. हालही त्याचेच जास्त, ते वेगळं.

पहिले हाल आत शिरतानाचे. आता ते सगळं सोपं झालंय असं म्हणतात, आणि बऱ्याच अंशी ते खरंही आहे. स्टीम या गेम विकणाऱ्या ॲपच्या मित्रयादीत नावावर राइट क्लिक करायचं, 'जॉइन गेम' दाबायचं, झालं. नाहीतर होस्ट, म्हणजे ज्याच्या मशिनवर खेळ चालतो तो यजमान, पाच-सहा अक्षरांचा कोड पाठवतो, तो टाकायचा. ज्यांनी कधी राउटरची सेटिंग्ज उघडून पोर्ट फॉरवर्ड केलेले नाहीत, त्यांना यातलं सुख कळायचं नाही. राउटर म्हणजे संशयी रखवालदार. आतल्या माणसाने बाहेर हाक मारली तर तिचं उत्तर तो आत येऊ देतो. पण बाहेरून कोणी आपणहून दार ठोठावलं तर नेमकं कोणाला भेटायचंय हे न कळल्याने वाटेला लावतो. आणि होस्टच्या घरी आपण नेमकं तेच करत असतो, आपणहून दार ठोठावत असतो. म्हणून होस्टने आपल्या राउटरला आधीच सांगून ठेवायचं, की माइनक्राफ्टसाठी २५५६५ नंबरच्या पोर्टवर, म्हणजे दारावर, कोणी आलं तर या मशिनकडे पाठव, टेरारियासाठी ७७७७ वर आलं तरी इकडेच. इंटरनेट देणाऱ्याने अनेक घरं एकाच सार्वजनिक पत्त्यामागे बसवलेली असली तर मात्र हेही फुकट जातं. आपल्या रखवालदाराला कितीही पढवलं तरी त्याच्यापुढे आणखी एक बसलेला असतो, आणि तो आपलं ऐकत नाही. मग हमाचीसारखा प्रोग्राम टाकायचा, म्हणजे लांबलांबची मशिनं एकाच खोलीत असल्यासारखी एकमेकांना दिसू लागतात.

एवढं करून आत जावं, तर गेम सांगतो की आवृत्ती जुळत नाही. एकाचा अपडेट झालाय, एकाचा उतरतोय, एकाने मॉड, म्हणजे लोकांनी गेममध्ये केलेले बदल, टाकलेत. ज्याने मॉड टाकलेले असतात तोच ठामपणे सांगतो, "माझ्याकडे तर चालतंय."

उशिरा येणाऱ्याची सोय आर्केडवाल्यांना, म्हणजे नाण्यावर चालणारी गेमची यंत्रं बनवणाऱ्यांना, पीसीच्या आधी सुचली होती. १९८५ च्या गाँटलेटमध्ये चौघांची जागा होती आणि खेळ ऐन रंगात असतानाही कोणी नाणं टाकून उतरू शकायचं. १९९३ मध्ये डूम आला. त्यात नेटवर्कवर चौघं मिळून राक्षस मारता यायचे, पण चौघांनी सुरुवातीलाच हजर राहायला हवं. गाडी सुटली की सुटली. वर प्रत्येक मशिन बाकीच्यांची चाल कळेपर्यंत थांबायचं, त्यामुळे एकाचं रडायला लागलं की सगळ्यांचंच रडायचं. १९९६ च्या क्वेकमध्ये ही अडचण गेली. मध्ये एक सर्व्हर, म्हणजे सगळा खेळ सांभाळणारं मशिन, आणि ज्याला वाटेल त्याने वाटेल तेव्हा यावं, वाटेल तेव्हा जावं. "सॉरी, उशीर झाला" म्हणत आपण आज ऐन लढाईत टपकू शकतो ते त्या मांडणीमुळे.

आत आल्यावर कळीचा मुद्दा एकच, हे जग कोणाचं? स्टारड्यू व्हॅली २०१६ मध्ये आला तेव्हा तो एकट्याने खेळायचा गेम होता. पीसीवर मित्रांसोबत शेती करायची सोय २०१८ मध्ये झाली. तिथे मित्र यायचा असेल तर यजमानाने शेतावर त्याच्यासाठी झोपडी तयार ठेवावी लागते. झोपडी नाही तर पाहुणा नाही. हा नियम ज्या कोणाला सुचला त्याला घर चालवायचा अनुभव असणार. पण त्या झोपडीसकट आपला शेतकरी, त्याची झारी, त्याने पकडलेले मासे, सगळं राहतं यजमानाच्या सेव्ह फाइलमध्ये. यजमान कॉम्प्युटर बंद करून झोपायला गेला की आपली शेती कुलपात. व्हॅलहाइममध्ये वेगळी तऱ्हा. जग यजमानाचं, पण माणूस आपला. तो आपल्या मशिनवर राहतो आणि अंगावरच्या सामानासकट दुसऱ्या कोणाच्याही जगात जाऊ शकतो. माझ्या ओळखीत एक जण स्वतःच्या गुपचूप जगात लाकूड तोडून ते इकडे आणतो आणि वर मेहनतीच्या गप्पा मारतो.

स्टारड्यूमधलं झोपणं तर बघण्यासारखं. दिवस संपवायचा तर सगळ्यांनी अंथरुणात शिरायला हवं. तिघं आडवे होऊन पडतात, पडद्यावर किती जण तयार आहेत त्याचा आकडा दिसतो आणि चौथा कुठेतरी समुद्राकाठी गळ टाकून बसलेला असतो. "अरे झोप की!" "एक मिनिट, मोठा लागलाय." एकट्याने खेळताना मेनू उघडला की घड्याळ थांबतं. चौघांत ते एकासाठी म्हणून थांबत नाही. खऱ्या घराच्या दारावरची बेल वाजली तर शेतकरी उघड्यावर उभा राहतो आणि आपण परत येईपर्यंत संध्याकाळ झालेली असते.

पण मला सांगायचंय ते व्हॅलहाइमबद्दल. स्क्रीनशॉटमधला तो वाडा तिथलाच. २०२१ च्या फेब्रुवारीत हा गेम अर्ली ॲक्सेसमध्ये, म्हणजे पुरा होण्याआधीच विक्रीला, आला, एका जगात दहा जण मावतात. नवा माणूस अंगावर चिंध्या घेऊन उतरतो आणि पोटात काही नसेल तर त्याची तब्येत, म्हणजे जीव किती उरलाय त्याचा आकडा, पंचवीस. बाकी सगळं अन्नावर. माझे मित्र तोवर लोखंडी चिलखतात वावरत होते, भिंतीवर त्यांनी मारलेल्या जनावरांची डोकी टांगलेली होती. त्यांनी मला जग दाखवायला काढलं. कच्च्या लिंबाला मैदानात घेतात पण त्याच्यावर राज्य येऊ देत नाहीत, तसं माझ्याशी वागणं चाललं होतं. "तू आमच्या मागे मागे ये. इथे आम्ही तिघंही मेलो होतो. त्या तिथे बोट बुडाली." आवाजात असा काही अभिमान, की बोट बुडवणं हेच उद्दिष्ट असावं. मग पोर्टलमधून, म्हणजे क्षणात लांब नेणाऱ्या दारातून, सोनेरी गवताच्या सपाट प्रदेशात नेलं. दृश्य खरंच सुंदर होतं. ते बघत असताना उजव्या कानात गुणगुण ऐकू आली, आणि मी मेलो. डास. एक डास, एक डंख. मला स्वतःचा बिछाना नव्हता, त्यामुळे जिवंत झालो तो थेट जगाच्या मधोमध, उभ्या शिळांच्या वर्तुळात, मित्रांपासून कोसभर लांब. तिघं इतके हसत होते की माइकमधून नुसती खरखर येत होती.

यानंतर यजमानांचा जो स्वभाव दिसतो तो मला कुठल्याही राक्षसाशी झालेल्या लढाईपेक्षा मोलाचा वाटतो. काही यजमान दानशूर असतात. पेटी उघडतात आणि म्हणतात, घे, हे चिलखत घे, ही ढाल, हे धनुष्य. व्हॅलहाइममध्ये लोखंड साध्या पोर्टलमधून नेता येत नाही, दलदलीतून खणून बोटीत घालून आणावं लागतं. म्हणजे त्या एका चिलखतामागे कोणाचीतरी अख्खी संध्याकाळ गेलेली असते. मन भरून येतं, नाही म्हणवत नाही. पण घेतलं की पुढचा सगळा गेम हातून जातो. पहिली दगडी कुऱ्हाड, पहिलं तांबं, पहिल्यांदा रानडुकरापासून पळणं, यातलं काहीच आपल्या नावावर राहत नाही. आयत्या बिळावरच्या नागोबालाही बिळाची मजा येत नसणार असं मला हल्ली वाटतं. दुसरी जात शिस्तप्रिय. "आम्ही कष्टाने मिळवलं, तूही मिळव." हे तत्त्व म्हणून ठीक, पण मग बोलावलं कशाला?

आमच्यातला जो मुख्य यजमान, ज्याला सगळे मास्तर म्हणतात, त्याने दोन्ही केलं नाही. त्याने मला वाड्यात एक बिछाना ठोकून दिला, पोटभर खायला दिलं आणि म्हणाला, "मधाच्या पेट्या आजपासून तुझ्याकडे." बास. मधमाश्यांच्या पेट्यांत ठरावीक वेळाने मध साठतो. रिकाम्या पेटीला हात लावला तर मधमाश्या खुशीत असल्याचा निरोप येतो. मी फेरी मारायचो, मध काढायचो, पेटीत ठेवायचो. मोहिमेवर निघताना मास्तर विचारायचा, "मध किती आहे?" आणि मला उत्तर माहीत असायचं. बाकीच्या दोघांना नसायचं.

मागून येणाऱ्याला आणखी एक गोष्ट दिसते, जी आधीपासून असलेल्यांना दिसायची बंद झालेली असते. त्या वाड्यात शिरलं की हळूहळू तब्येत कमी व्हायची. मी विचारलं, "इथे जीव का जातोय?" तिघांचं एकमत, "थोडं होतं तसं. चुलीजवळ जास्त थांबायचं नाही." या गेममध्ये बंद घरात चूल पेटवली की धूर खरोखर कोंडतो आणि माणूस गुदमरतो. त्यांनी छताला धुराडं ठेवलंच नव्हतं आणि गुदमरत राहायची सवय लावून घेतली होती. चिंध्यांतल्या माणसाने वर चढून छताचा एक तुकडा काढला, वर पावसासाठी तिरपं झाकण ठोकलं. धूर गेला. तेव्हापासून वाड्यात माझ्या शब्दाला वजन आलं, ढाल लाकडाची असली तरी.

काही गेम मागून येणाऱ्याचा विचार करूनच बनवलेले असतात. २००८ च्या लेफ्ट फोर डेडमध्ये चौघंच जिवंत उरलेले असतात. मित्र कमी असले तर उरलेल्यांना कॉम्प्युटर चालवतो. आपण मधेच शिरलो की त्या बॉटचा देह आपल्याला मिळतो, आहे त्या अवस्थेत. कित्येकदा डोळे उघडले की सगळं काळंपांढरं दिसतं. म्हणजे हा गृहस्थ आधी दोनदा कोसळून उठलेला आहे आणि आता पडला तर संपला. इतक्या उधारीवर कोणाच्या आयुष्यात पदार्पण करायला दुसरीकडे मिळणार नाही. याउलट डीप रॉक गॅलॅक्टिकमधला प्रवेश थाटाचा. चार खाणकामगार बुटके जमिनीच्या पोटात उतरलेले, आणि उशिरा येणारा आपल्या यानातून खडक फोडत खाली येतो. नवख्याला तिथले जुने खेळाडू 'हिरव्या दाढीचा' म्हणतात, पण त्याला लगेच काम असतं. सोनं उंच भिंतीत चमकतंय, स्काउट नावाचा बुटका दोरी मारून तिथे पोचू शकतो पण लटकून खणता येत नाही. इंजिनिअर बुटक्याने खालून त्या सोन्याच्या बुडाशी एक फळी चिकटवून द्यायची. स्काउट झेपावतो, फळीवर पाय टेकतो, खणतो. यात कोणी तोंडाने एक शब्द बोलत नाही. बोटाने दाखवल्यासारखा लेझरचा ठिपका त्या जागी पडतो, एवढंच. अनोळखी माणसाशी इतकं चांगलं जमलेलं मी इतरत्र क्वचित पाहिलंय.

दोघांचेच गेम असतात ते वेगळ्या प्रकारचे, २०२१ च्या इट टेक्स टू सारखे. तिथे मागून यायचा प्रश्नच नाही. दोघांतल्या एकानेच विकत घेतला तरी दुसऱ्याला फुकट बोलावता येतं, पण एकाला वेळ नसेल तर दुसऱ्याची गोष्टही तिथेच अडते. माझे असे दोन गेम अर्धवट अडकून पडलेत. जोडीदारांना आठवण करून देतो. ते म्हणतात, या आठवड्यात नक्की.

राहिला पाचवा. चौघांच्या गेमला पाचवा मित्र असतोच, हा निसर्गनियम. त्याने गेम विकत घेतलेला असतो, उतरवलेला असतो, हेडफोन लावून तो डिस्कॉर्ड या गप्पांच्या ॲपवर येतो आणि कळतं की लॉबी भरली. कोणीतरी उठावं अशी सगळ्यांची इच्छा असते आणि उठत कोणी नाही. मग कोणीतरी स्क्रीन शेअर करतो आणि पाचवा बघत बसतो. बघणाऱ्याला सगळं कळतं. दारूगोळा कोण उधळतंय, कोण उगाच एकटं लांब जातंय, गुहेतली बाहेरची वाट कुठली, हे तो उंटावरून अखंड सांगत राहतो, आणि बऱ्याचदा त्याचं बरोबर असतं. अडचण एवढीच, की शेअर केलेलं चित्र त्याच्याकडे क्षणभर उशिरा पोचतं.

"मागे बघ, मागे!" तो जिवाच्या आकांताने ओरडतो.

"मेलो रे केव्हाच," मास्तर म्हणतो.