तहानलेल्या इंजिनाचं स्टेशन

आमच्याकडे बंद पडलेल्या स्टेशनाचा विषय निघाला की सगळ्यांचा सूर एकच, आपलं काहीतरी काढून नेलं. मला हल्ली उलटं वाटतं. ते स्टेशन आपल्यासाठी बांधलेलंच नव्हतं.

बेळगाव-लोंढा लाईन टाकली सदर्न मराठा रेल्वेनं. कंपनी लंडनची, कचेरी धारवाडात. १८७६-७८ च्या मोठ्या दुष्काळानंतर या मुलखात धान्य पोचवायची सोय हवी होती आणि कापूस बंदराकडे न्यायचा होता. लाईन एकेरी, मीटर गेजची. समोरासमोर येणाऱ्या गाड्यांपैकी एकीला बाजूला घ्यायला दुसरा रूळ हवा आणि वाफेच्या इंजिनाला पाणी हवं. हे हिशेब जिथं जुळले, तिथं एक मास्तर, एक कंदील आणि घंटा म्हणून टांगलेला रुळाचा तुकडा असं आमचं स्टेशन झालं. गावापासून एवढं लांब का, असं आज्जाला विचारलं तर तो म्हणायचा, "गाव आधीच होतं की. स्टेशनच लांब आलं." चिकोडी रोड स्टेशनात उतरून चिकोडी गाठणाऱ्यांना हे निराळं सांगायला नको.

पण एकदा आलं म्हटल्यावर गावानं ते वापरून घेतलं. बेळगावला जाणारं दूध, फणसाच्या दिवसांत फणस, कॉलेजची पोरं. सिग्नल पडला की बायका टोपल्या उचलायच्या. खिडकीतून पुठ्ठ्याचं तिकीट यायचं, तारखेच्या यंत्रात खट्‌ करून.

सगळ्यात भारी होता तो गोळा. मास्तर यंत्रातून पोलादी गोळा काढून पिशवीत घालायचा, पिशवी वेताच्या कड्याला, आणि कडं ड्रायव्हरच्या हातात. न थांबणारी गाडी असली तर धावत्या इंजिनातून ते झेललं जायचं. तो हातात असल्याशिवाय पुढच्या स्टेशनापर्यंतच्या रुळावर गाडी घालायची नाही. पलीकडच्या स्टेशनचा मास्तर तिकडून मंजुरी देईपर्यंत गोळा निघतच नसे, आणि एक बाहेर असताना दुसरा मिळत नसे. कुणाचाही वशिला चालत नाही अशी आमच्या भागातली ती एकमेव गोष्ट असावी.

मालक मात्र बदलत राहिले. १९०८ मध्ये मद्रास अँड सदर्न मराठा, १९५१ मध्ये दक्षिण रेल्वे, पुढं दक्षिण मध्य, २००३ पासून हुबळीची नैर्ऋत्य रेल्वे. १९५६ ला आमचं गाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेलं, त्याची भांडणं अजून चालू आहेत. स्टेशनानं त्याहून जास्त वेळा घर बदललं, कुणी मोर्चा काढला नाही.

डिझेल इंजिन आलं तेव्हाच पाण्याच्या टाकीचं काम संपलं. नव्वदच्या दशकात मिरज-लोंढा ब्रॉडगेज झाली, नंतर दुहेरीकरण. जायला एक आणि यायला एक असे स्वतंत्र रूळ असताना कोण कुणासाठी बाजूला थांबणार? तिकिटाची विक्री तर पहिल्यापासूनच चिमूटभर.

आता मागणी आहे ती निदान हॉल्टची, म्हणजे साध्या थांब्याची. परवा देवळात बैठक झाली. निवेदन मराठीत लिहायचं की कन्नडात, यावरच पहिला तास गेला. शेवटी निवृत्त गँगमन मामा वैतागले. "कुठल्या बी भाषेत लिवा की ओ. खरं गाडीनं का थांबायचं, ते घाला त्यात."

लगेच यादी सुरू झाली. दूध, कॉलेज, बेळगावचा दवाखाना.

"ही सगळी आपली कारणं झाली," मामा म्हणाले. "गाडीचं सांगा."