सवडीने सांग

पाठवलेली व्हॉइस नोट स्वतः ऐकायची नाही, हा नियम बहुतेकजण न सांगता पाळतात. चुकून ऐकलीच तर प्रतिक्रिया ठरलेली: "शी! मी अशी बोलते?" आवाज पातळ, जरा नाकातला, कुणा भलत्याच बाईचा वाटतो.

खरं तर तो आपलाच असतो. बोलताना स्वतःचा आवाज आपल्याकडे दोन वाटांनी येतो: हवेतून कानाकडे आणि कवटीच्या हाडांतून थेट आतल्या कानाकडे. हाडांतून खालच्या पट्टीचे सूर जास्त चांगले पोचतात, म्हणून स्वतःला आपण भारदस्त वाटतो. रेकॉर्डिंगमध्ये ही दुसरी वाट बंद. म्हणजे आपण जन्मभर ऐकलेला तो भरीव आवाज ऐकणारे जगात आपण एकटेच. बाकीच्यांना पातळवालाच ठाऊक आहे, आणि त्यांची काही तक्रारही नाही.

पण प्रश्न नुसत्या पट्टीचा असता तर चार वेळा ऐकून सवय झाली असती. होल्झमन आणि राउसी या अभ्यासकांनी १९६६ मध्ये मांडलेलं कारण मला जास्त पटतं. रेकॉर्डिंगमध्ये आपल्याला असं काहीतरी ऐकू येतं, जे आपण सांगायला निघालोच नव्हतो. धास्ती, चिडचिड, डळमळीतपणा. शब्द आपण निवडून पाठवलेले असतात, सूर परस्पर निघून गेलेला असतो. परवा एका मैत्रिणीला पाठवलेली नोट मी मुद्दाम शेवटपर्यंत ऐकली. शब्द होते, "काही घाई नाही गं, सवडीने सांग." पण 'सवडीने'वर असा काही जोर पडला होता, की ऐकणारीने हातातलं काम टाकून उत्तर द्यावं. आणि शेवटचं "कळलं ना?" तर हुबेहूब माझ्या आईचं.

आज स्वतःला ओळखायची साधनं काय कमी आहेत? पावलं मोजून मिळतात, झोप मोजून मिळते. रात्री एक ॲप विचारतं, "आजचा दिवस कसा होता?" समोर पाच चेहरे. मी इमानदारीत मधल्या चेहऱ्यावर बोट ठेवते. घरच्यांना विचारलं तर ते बेधडक कडेचा, भुवया आक्रसलेला चेहरा निवडतील. डायरीला, ध्यानाला मी नावं ठेवत नाही (ध्यानाला बसल्यावर मला झोप फार छान लागते). पण या सगळ्यात विचारणारी मी, सांगणारी मी आणि मार्क देणारीही मीच.

१९५५ मध्ये जोसेफ लुफ्ट आणि हॅरिंग्टन इंगहॅम यांनी स्वतःच्या नावांचे तुकडे जोडून 'जोहारी विंडो' नावाची चार कप्प्यांची चौकट मांडली. त्यातला एक कप्पा इतरांना दिसणाऱ्या, पण आपल्याला न दिसणाऱ्या गोष्टींचा. ऑफिसच्या ट्रेनिंगमध्ये ही चौकट हमखास भेटते. सगळे माना डोलावतात, स्लाइड पुढे सरकते. कारण त्या कप्प्यातलं काही हाती लागायचं तर कुणाला तरी विचारावं लागतं, आणि घोडं तिथेच अडतं. ॲप बरं, तोंडावर काही बोलत नाही.

शिवाय विचारायचं तरी कसं? "माझं काय चुकतं?" म्हटलं की लोक एकतर "छे छे, तुझं कुठे काय!" म्हणतात, नाहीतर वर्षानुवर्षांचं गाठोडं सोडून बसतात. प्रश्न लहान असलेला बरा. म्हणून त्याच मैत्रिणीला मी विचारलं, "माझ्याशी बोलताना तुला वैताग कधी येतो?"

"माझं वाक्य तू पुरं करतेस तेव्हा. आणि बहुतेक वेळा चुकीचं पुरं करतेस."

क्षणाचाही विचार नाही. उत्तर कित्येक वर्षं तयार असणार, कुणी विचारलं नव्हतं इतकंच. मी म्हणायला लागले, "अगं पण मी ते..."

"मदत म्हणून करतेस. माहितीये."

तिने बरोबर पुरं केलं, हे जास्त लागलं.