असईला जायचं तर केळणेच्या उतारावरून

थेट असई गावात जाऊन गाडी लावली की लढाई उलटी दिसायला लागते. २३ सप्टेंबर १८०३ ला शिंदे-भोसल्यांच्या फौजेवर चाल करून आलेला इंग्रजांचा सेनापती आर्थर वेलस्ली दक्षिणेकडून आला होता. गाव त्याच्या उजव्या हाताला, अगदी शेवटी. म्हणून जालन्याहून भोकरदनला आलात की आधी केळणा नदीच्या दक्षिण काठाने पूर्वेला चालायला लागा आणि पिंपळगावचा काठ गाठा.

वेलस्लीच्या चरित्रात वॉटर्लू, म्हणजे नेपोलियनला हरवलेली लढाई, एवढं मोठं होऊन बसलंय की त्याआधीचं सगळं दोन ओळींत उरकतं. जन्म १७६९ चा, आयर्लंडमधल्या सरदार घराण्यातला, मॉर्निंग्टनच्या अर्लचा धाकटा मुलगा. ईटनच्या शाळेत चमकला नाही, फ्रान्समध्ये घोडेस्वारी शिकला, आणि त्या काळच्या रिवाजाप्रमाणे सैन्यातल्या बढत्या पैसे मोजून घेतल्या. १७९७ मध्ये कलकत्त्याला उतरला. पुढच्याच वर्षी थोरला भाऊ रिचर्ड गव्हर्नर जनरल होऊन आला. श्रीरंगपट्टणचा कारभार हाती आला त्यात या नात्याचा वाटा होताच, आणि डावलल्या गेलेल्या जनरल बेअर्डला ते चांगलंच झोंबलं होतं. केळणेच्या काठावर मात्र भाऊ कामाचा नव्हता.

इथे थोडं थांबून नकाशा डोक्यात बसवा. केळणा आणि तिच्या उत्तरेला जुई, दोन्ही पूर्वेकडे वाहत जाऊन एकमेकींना मिळतात. मराठ्यांची छावणी या दोन नद्यांच्या मधल्या पट्ट्यात, पश्चिमेला भोकरदनपासून पूर्वेला असईपर्यंत पसरलेली. वेलस्लीकडे साडेनऊ हजारांच्या आसपास माणसं, तीही त्या दिवशी वीस मैलांहून जास्त चालून आलेली. कर्नल स्टीव्हन्सनची दुसरी तुकडी पोचलेली नव्हती. समोरून नदी ओलांडणं म्हणजे शंभरेक तोफांच्या तोंडात जाणं. बाजूने जावं तर वाटाडे सांगत होते, पुढे उतार, म्हणजे पाण्यातून चालत नदी ओलांडायची जागा, नाहीच.

त्याने दुर्बीण लावली. अलीकडच्या काठावर पिंपळगाव, बरोबर समोर पलीकडे दुसरं गाव, इंग्रजी कागदांत त्याचं नाव वारूर. दोन गावं अशी समोरासमोर वसली आहेत म्हणजे त्यांचं येणंजाणं असणार, आणि येणंजाणं आहे म्हणजे उतार असणारच. माणूस पाठवून खात्री केली आणि फौज पाण्यात घातली. उतरताना मराठी तोफेचा गोळा आला आणि त्याच्या शेजारच्या स्वाराचं डोकंच उडालं. हा काठ बघितल्याशिवाय वेलस्ली कळत नाही, असं माझं ठाम मत आहे. घराण्याच्या जोरावर मोठं पद मिळालेले अधिकारी पुष्कळ होते. नदीकाठची घरं बघून तिचा उतार ओळखणारे फार थोडे.

पलीकडे चढून गेलात की तोंड पश्चिमेला करा. इंग्रजांची ओळ इथे लागली. त्यांची अटकळ होती की मराठी पायदळाला इतक्या लवकर तोंड फिरवता येणार नाही. पण शिंद्यांच्या नोकरीतल्या पोलमनच्या हाताखालच्या कवायती कंपूंनी (पलटणींनी) आपली सगळी ओळ काटकोनात वळवली. उजवी बाजू केळणेला, डावी असईला टेकवली. ही हालचाल शेतातून स्वतः चालून बघा, म्हणजे ती किती अवघड होती ते पायांना कळतं. तोफांचा मारा असा बसला की इंग्रजांच्या तोफा ओढणारे बैलच मेले. तोफा मागे टाकून पायदळाला संगिनीनिशी पुढे जावं लागलं. मराठी गोलंदाज तोफांपाशीच मेले. काही जण मेल्याचं सोंग घेऊन पडले आणि इंग्रजांची ओळ पुढे गेल्यावर उठून त्यांनी त्याच तोफा पाठीमागून डागल्या. या माणसांची नावं आपल्याकडे कुणी घेत नाही, याची मला खंत वाटते.

आता असई गाव. वेलस्लीच्या ऑरॉक नावाच्या अधिकाऱ्याला गावापासून लांब राहायला सांगितलं होतं. तो सरळ गावावरच गेला आणि ७४वी पलटण त्याच्या मागे. गावातल्या तोफाबंदुकांनी पलटण कापून काढली, जवळपास सगळे अधिकारी मेले किंवा जखमी झाले. मॅक्सवेलच्या घोडदळाने धाव घेतली म्हणून उरलेले वाचले. मॅक्सवेल स्वतः पुढच्या हल्ल्यात पडला. वेलस्लीचा एक घोडा गोळीने मेला, दुसऱ्याला भाला लागला. इंग्रजांकडचे मेलेले ४२८, जखमी अकराशेच्या वर. ९८ तोफा हाती लागल्या, पण पाठलाग करायचं त्राण उरलं नव्हतं.

हे सगळं काळ्या मातीतलं शेत आहे. पावसाळ्यात चिखल बुटाला किलो-किलोने चिकटतो आणि नदीचं पाणी फसवं असतं, म्हणून गावकऱ्यांना विचारल्याशिवाय पात्रात उतरू नका. पीक उभं असेल तर बांधावरूनच चाला. मला विचाराल तर रब्बीची पेरणी झाल्यावरचे दिवस बरे. नदी लहान होते आणि काठांचा उभा चढ नीट दिसतो.

पुढे हाच माग धरायचा असेल तर उत्तरेला वऱ्हाडात अडगाव (इथली लढाई २९ नोव्हेंबर १८०३ ची) आणि मग चिखलदऱ्याजवळचा गाविलगड (तो १५ डिसेंबरला पडला). गाविलगडाला एक अख्खा दिवस राखून ठेवा.