आदेश अकरा महिन्यांचा, रजा सव्वीस आठवड्यांची

"ताई, कंत्राटींना प्रसूती रजा नसते. बिनपगारी राहा, नाहीतर राजीनामा द्या आणि बाळ मोठं झालं की परत अर्ज करा." आस्थापना विभागातल्या साहेबांनी हे इतक्या सहज सांगितलं की मी नुसतं "बरं" म्हणून बाहेर आले. 2024 चा जानेवारी होता, मला सहावा महिना.

एका सार्वजनिक विद्यापीठाच्या परीक्षा विभागात मी सात वर्षं कंत्राटी लिपिक आहे. अकरा महिन्यांचा आदेश, एक दिवसाचा खंड, पुन्हा अकरा महिने. शेजारच्या टेबलावरच्या ताई कायम आहेत. हॉलतिकिटं, गुणपत्रिकांच्या दुरुस्त्या, पुनर्मूल्यांकनाचे अर्ज, सगळं आम्ही दोघी मिळून उपसतो. त्यांच्या बाळंतपणात त्यांना 180 दिवसांची पगारी रजा मिळाली, तेव्हा त्यांचं टेबल मीच सांभाळलं होतं. त्यांना मिळालं याचं मला कधी वाईट वाटलं नाही. मला का नाही, एवढंच कळेना.

त्याच ताईंनी सांगितलं, "तोंडी काही ऐकू नकोस. लेखी अर्ज दे आणि आवक शिक्का घे." मी दोन प्रती केल्या. एक आत गेली, दुसरीवर निळा शिक्का, क्रमांक आणि तारीख पडली. पुढे सगळं त्या शिक्क्यावरच उभं राहिलं.

महिना झाला, उत्तर नाही. मग दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहिती अधिकारात माझ्याच फाईलवरच्या टिपणीची प्रत मागितली. ती हातात आली तेव्हा नववा महिना लागला होता. दोन ओळी होत्या: कर्मचारी कंत्राटी असल्याने रजा अनुज्ञेय नाही, तसेच आदेशाची मुदत 31 मे रोजी संपत आहे. खाली हिरव्या शाईत सही. वाचून रडू आलं, पण नकार आता कागदावर होता आणि कागदाला कागदाने उत्तर देता येतं.

दुसरा अर्ज मी पाय सुजलेले असताना घरी बसून लिहिला. तेव्हा लागू होता तो 1961 चा मातृत्व लाभ कायदा. अपेक्षित तारखेच्या आधीच्या बारा महिन्यांत 80 दिवस काम केलेलं असलं की बाई पात्र ठरायची. त्यात कायम-कंत्राटी असा भेद नव्हता. 2017 च्या दुरुस्तीने पहिल्या दोन मुलांसाठी रजा बारावरून सव्वीस आठवडे झाली. त्याच्या कलम 27 प्रमाणे करारात काहीही लिहिलेलं असलं तरी कायद्यातला लाभ कमी होत नव्हता. दिल्ली महापालिकेच्या रोजंदारीवरच्या बायकांना सर्वोच्च न्यायालयाने 2000 मध्येच हा हक्क दिला होता. रस्त्याची खोदाई करणाऱ्या बायका होत्या त्या. आणि 31 मे चं उत्तर सर्वोच्च न्यायालयाच्याच ऑगस्ट 2023 च्या कविता यादव निकालात सापडलं: करार मध्येच संपला तरी पूर्ण काळाचा लाभ द्यावाच लागतो. दोन्ही निकालांच्या प्रती जोडल्या, संबंधित ओळींवर पेन्सिलीने रेघा मारल्या. अर्ज कुलसचिवांच्या नावे, पुन्हा आवक शिक्का.

एप्रिलमध्ये मुलगी झाली. फाईल तेव्हा विधी विभागात होती. घरात पगार फक्त नवऱ्याचा आणि सिझेरियनचं बिल डोक्यावर. कायदा म्हणत होता, प्रसूतीचा पुरावा दिल्यापासून 48 तासांत पैसे द्यावेत. मला मंजुरीचा आदेश जूनमध्ये मिळाला आणि रक्कम जुलैमध्ये. पण 31 मे ला कापून नाही, पूर्ण सव्वीस आठवड्यांची.

ही मेहरबानी नव्हती, म्हणून आभाराचं पत्र मी दिलं नाही. आमच्या विभागात माझ्याआधी एक कंत्राटी मुलगी बाळंतपणानंतर दीड महिन्यात कामावर आली होती. दुपारी पान्हा फुटला की रेकॉर्ड रूममध्ये जाऊन बसायची. तिला हे कुणीच सांगितलं नव्हतं, मीही नाही, कारण तेव्हा मलाच माहीत नव्हतं.

मी सप्टेंबरमध्ये रुजू झाले. कायद्यात मूल पंधरा महिन्यांचं होईपर्यंत रोज दोन वेळा दूध पाजायला सुट्टी आहे. तिचा अर्ज पहिल्याच दिवशी दिला. शिक्का मारून घेतलाय.