तुम्ही विचारलंत म्हणून: मशिदीच्या फिल्मला संगीत कसं देता?

‘इस्लाममध्ये संगीत चालत नाही ना? मग मशिदी-दर्ग्यांवरच्या माहितीपटांना तुम्ही संगीत देता तरी कसं?’ हे मला हमखास विचारलं जातं.

मी म्हणतो, आधी जागा कुठली ते सांगा. खुलताबादच घ्या. रस्त्याच्या एका बाजूला बुरहानुद्दीन गरीब यांचा दर्गा. निजामुद्दीन औलियांचे हे शिष्य दिल्लीहून दख्खनेत आले आणि १३३७ मध्ये इथेच वारले. चिश्ती या सूफी परंपरेत समा, म्हणजे ईश्वराच्या आठवणीत गाणं ऐकणं, ही साधनाच. बुरहानुद्दीन तर समाचे वेडेच. समोर त्यांचे शिष्य झैनुद्दीन शिराझी यांचा दर्गा, आणि त्याच आवारात औरंगजेबाची साधी, उघड्यावरची कबर. समात रमणारा सूफी आणि दरबारातलं गाणं बंद करणारा बादशहा, दोघांमध्ये फक्त एक रस्ता! मी एकच उत्तर कुठून देऊ?

एक नियम मात्र मी मोडत नाही. अजान आणि कुराणपठण यांच्याखाली काहीही वाजवायचं नाही, तानपुरासुद्धा नाही. कारी, म्हणजे कुराणपठण करणारे, बयाती, हिजाज अशा मकामांत (आपल्या रागांसारख्या अरबी स्वररचनांत) पठण करतात, पण श्रद्धावंत त्याला गाणं म्हणत नाहीत, आणि ते मानायला हवं. शिवाय बयातीतला दुसरा स्वर आपल्या कोमल आणि शुद्ध रिषभाच्या मधोमध कुठेतरी लागतो. त्याखाली पेटी धरा, सगळंच बेसूर वाटेल.

खरी डोकेदुखी असते ‘जरा अरबी फील द्या’ या फर्माइशीची. म्हणजे ऊद हे अरबी तंतुवाद्य, आर्त बासरी आणि वर पोतंभर रिव्हर्ब, म्हणजे घुमारा. अहो, दख्खनच्या दर्ग्यात कव्वाल बसतात ते पेटी-ढोलक घेऊन, तिथे ऊद कशाला? तुर्कस्तानात कोन्याला सूफी कवी रूमींच्या दर्ग्यावर फिल्म असेल तर नेय ही बोरूची बासरी हवीच, रूमींच्या मेवलेवी परंपरेचं ते वाद्यच आहे. आणि रिव्हर्ब हवा असेल तर परवानगी काढून घुमटाखाली टाळी वाजवावी, ती रेकॉर्ड करावी आणि त्यावरून त्याच जागेचा घुमारा तयार करावा. हौदावर वजूचं, म्हणजे नमाजाआधी हात-पाय-तोंड धुण्याचं पाणी, दारातल्या चपला, कबुतरं, एवढं नीट टिपलं तर फिल्मचा बराच भाग वाद्यांशिवाय निभावतो.

‘संगीत कमी, मग मानधनही कमी ना?’ हा निर्मात्यांचा नेहमीचा प्रश्न. त्याचं उत्तर मात्र सगळ्या जागांसाठी एकच आहे: नाही.