तुम्ही विचारलेत म्हणून: हा जुना कृष्णधवल माहितीपट कशाला?

आकाशदर्शनाच्या कार्यक्रमाआधी मी ‘युनिव्हर्स’ हा जेमतेम अर्ध्या तासाचा माहितीपट दाखवतो आणि बहुतेक वेळा कोणीतरी विचारतेच, की अवकाशातील इतकी रंगीत चित्रे हाताशी असताना १९६०चा हा कृष्णधवल पट कशाला?

कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डासाठी रोमन क्रॉयटर आणि कॉलिन लो यांनी तो दिग्दर्शित केला. तोवर गागारिन अंतराळात गेलेले नव्हते आणि एकाही यानाने मंगळाचे जवळून छायाचित्र घेतलेले नव्हते. त्यामुळे पडद्यावर दिसणारी ग्रहांची भूमी ही सारी प्रतिकृती, प्रकाशयोजना आणि ॲनिमेशन यांची करामत आहे. ती इतकी सफाईदार आहे, की दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिक यांनी ‘२००१: अ स्पेस ओडिसी’ या चित्रपटासाठी ‘युनिव्हर्स’च्या विशेष दृश्यांवर काम केलेले वॉली जेंटलमन यांना बोलावून घेतले आणि त्या चित्रपटातील हॅल या संगणकाला ‘युनिव्हर्स’चे निवेदक डग्लस रेन यांचाच आवाज दिला. चित्रपटांचे चाहते येथेच रमतात. मला मात्र दुर्बिणीपाशी बसलेला माणूस अधिक मोलाचा वाटतो.

टोरांटोजवळच्या रिचमंड हिल येथील डेव्हिड डनलॅप वेधशाळेत डोनाल्ड मॅक्रे हे खगोलशास्त्रज्ञ ७४ इंची दुर्बिणीवर रात्रभर काम करतात, हा या पटाचा कणा आहे. ताऱ्यांचे वर्णपट, म्हणजे रंगारंगांत विभागलेल्या प्रकाशाचे पट्टे, घेणे हे त्या वेधशाळेचे मुख्य काम होते. आरशाने गोळा केलेला प्रकाश बारीक फटीतून लोलकावर आणि तेथून छायाचित्रणाच्या काचेवर पडतो. पृथ्वी फिरत असल्याने तारा फटीवरून निसटू नये, म्हणून निरीक्षकाला सतत डोळा ठेवून बसावे लागते. त्याच काचेवर तुलनेसाठी लोखंडाच्या विद्युत्-प्रज्योतीच्या (विजेने पेटवलेल्या झगझगीत ज्योतीच्या) वर्णपटातील, जागा नेमकी माहीत असलेल्या रेषा घेतात. त्यांच्या मानाने ताऱ्याच्या वर्णपटातील ५००० अँगस्ट्रॉमची (अँगस्ट्रॉम हे प्रकाशाच्या तरंगलांबीचे एकक) रेषा अर्ध्या अँगस्ट्रॉमने तांबड्याकडे सरकलेली आढळली, तर तो तारा सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने आपल्यापासून दूर जात आहे, असे निघते.

ग्रहांविषयीचा भाग आता बराच जुना झाला आहे, हे मान्य. म्हणूनच मंगळ आला, की मी पट थांबवतो आणि मरीनर ४ या यानाने १९६५मध्ये पाठवलेली विवरांची छायाचित्रे दाखवतो. तेव्हा मुले विचारतात, की यान गेलेलेच नव्हते, तर आधीच्या लोकांना कळत कसे होते? नुसती रंगीत चित्रे दाखवली, की हा प्रश्न माझ्या कानावर क्वचितच येतो.