राजमाचीला काजवे बघायला जाताय? बॅटऱ्या विझवा

वळवाच्या दोन-चार सरी पडल्या की राजमाचीच्या जंगलात काजवे चमकू लागतात, आणि त्यांच्या मागोमाग आपण शहरातली माणसं तिथे पोचतो. जूनच्या एका शनिवारी रात्री आम्ही लोणावळ्याहून तुंगार्लीमार्गे चालत निघालो. साधारण 15 किलोमीटरची वाट, चढ फारसा नाही, पण पुढेमागे माणसंच माणसं.

किल्ल्याच्या पायथ्याचं गाव उधेवाडी, त्याच्या अलीकडे ते झाड लागलं. अंधारात झाड असं दिसलंच नाही, दिसला तो त्याचा आकार. खालच्या फांद्यांवर उजेड उमटायचा, सरसरत शेंड्यापर्यंत जायचा, क्षणभर सगळं काळं, की पुन्हा खालून सुरू. आम्ही दिवे बंद करून गप्प उभे होतो. तेवढ्यात मागून चाळीसेक जणांची तुकडी आली. प्रत्येकाच्या कपाळावर पांढराफटक हेडलॅम्प. "अरे, इथे आहेत!" असं कुणीतरी ओरडलं आणि सगळे झोत त्या झाडावर गेले. बघता बघता लय मोडली, फांद्या विझत गेल्या. मग मोबाइलचे फ्लॅश. एकाने तर पाण्याच्या रिकाम्या बाटलीत काजवे कोंबले.

मला संताप आला, तो अजून गेलेला नाही. तो उजेड म्हणजे नराने मादीला घातलेली साद असते. प्रत्येक जातीचा लुकलुकण्याचा ताल वेगळा. नर उडत साद घालतो, गवतात किंवा पानावर बसलेली मादी ताल ओळखून उत्तर देते. आपल्या झोतात ते उत्तर त्याला दिसणार कसं? प्रौढ काजवा जगतो जेमतेम काही आठवडे, आणि त्यातल्या रात्री आपण अशा नासवतो. वाट सोडून झाडाखाली घुसणं तितकंच वाईट. त्यांच्या अळ्या गोगलगायी खात तिथल्याच मातीत, पाल्यात वाढतात.

त्या तुकडीच्या लीडरला मी हे सांगितलं. तो म्हणाला, "लोकांनी पैसे भरलेत, फोटो तर लागणारच." त्यांच्याबरोबर गावातला एक पोरगा वाटाड्या होता. त्याने स्वतःच्या बॅटरीला लाल जिलेटीनचा कागद बांधला होता, कारण लाल उजेडाचा काजव्यांना त्रास कमी होतो. "दादा, उजेड पायाशी धरा," असं तो एकेकाला विनवत होता. जंगल त्याच्या गावाचं, पण ऐकत कोणी नव्हतं.

सकाळी राजमाचीचा श्रीवर्धन बालेकिल्ला चढलो, गावात पिठलं-भाकरी खाल्ली आणि कोंढाणे लेण्यांवरून कोंदिवड्याला उतरलो.

जायचं असेल तर अमावास्येच्या जवळचा आडवार धरा. पैसे भरण्याआधी आयोजकाला विचारा: तुकडीत माणसं किती, झाडाजवळ दिवे बंद ठेवणार का, बाटलीत काजवे भरणाऱ्याला कोण अडवणार? नीट उत्तर मिळालं नाही, तर त्याच्याबरोबर जाऊ नका.